मोजणी आपली हवी

३ जानेवारी

ताई,

नमस्कार. पाकिटावरचं अक्षर ओळखून तू हे पत्र उघडण्याआधी उजेडासमोर धरलं असशील. मीही तेच केलं असतं. आत पत्रच आहे, दुसरं काही नाही.

माझी प्रकृती उत्तम आहे, दात सोडून. तुझे गुडघे कसे आहेत? फोन मुद्दामच केला नाही. फोनवर आपण दोघं एकाच वेळी बोलतो आणि मग एकाच वेळी ठेवतो.

कामाचं लिहितो. काच कारखान्याच्या फाटकासमोरचं आमचं कामगार वाचनालय तुला आठवत असेल. तिथे पुढच्या महिन्यात माझं व्याख्यान आहे. विषय, ‘माणूस, जन्माआधी’. हसू नकोस. जन्मानंतरच्या माणसावर मी पुष्कळ बोललो, आता जरा मागे जातो. चार जाडजूड पुस्तकं आणली आणि वाचता वाचता खुर्चीतून उठून उभा राहिलो. एक पेशी, वाळूच्या बारीक कणाएवढी. तिच्या दोन होतात, दोनाच्या चार, मग तुतीच्या फळासारखा एक गोळा. तो गर्भाशयाच्या भिंतीत रुतून बसतो आणि तिथेच आपलं बिऱ्हाड थाटतो. कुणाच्या हुकमानं? साहेब नाही, मुकादम नाही, भोंगा नाही! महिना भरायच्या आत एका नळीला पीळ पडतो आणि ती ठोके द्यायला लागते. अजून चेहऱ्याचा पत्ता नाही, पण काळीज कामावर हजर.

आणि हात! आधी वल्ह्यासारखा चपटा पंजा येतो. मग बोटांच्या मधल्या पेशी आपण होऊन मरतात, तेव्हा कुठे बोटं सुटी होतात. ताई, एक मूठ वळता यावी म्हणून किती जणांनी जायचं! हे वाक्य मी व्याख्यानात घेणार आहे. लोक टाळ्या देतील.

आता प्रश्न. श्रोत्यांतून कुणी विचारलं तर उत्तर तयार हवं. सातव्या महिन्यापर्यंत नीट वाढलेलं मूल मग एकाएकी वाढायचं थांबतं का? की तसं सांगून बाईला घाबरवायचं आणि दवाखान्यात अडकवून ठेवायचं, अशी ही नवी रीत आहे? तू इतकी वर्षं मेट्रन होतीस. आतली बातमी तुझ्याकडे असणार. खरं लिही. निदान या वेळी.

आपली लेक टाचणी बरी आहे. तिच्या आईचं शिवणाचं दुकान तीच चालवते. जावई जहाजावर असतो, सहा महिने पाणी आणि दोन महिने घर.

कळावे.

निवृत्त सरचिटणीस,
काच कामगार संघटना


१७ जानेवारी

ताई,

नमस्कार. तुझं उत्तर मिळालं. त्याला उत्तर म्हणायचं असेल तर.

‘तुझ्या व्याख्यानाला कितवा महिना आहे?’

एवढी एकच ओळ. तीही अर्ध्या कागदावर. उरलेला अर्धा तू फाडलास. फाडलेली कड सरळ नाही, म्हणजे घाईत फाडलास. त्यावर काय लिहिलं होतंस? मी ती कड भिंगाखाली धरून पाहिली. टाचणी म्हणाली, “बाबा, आत्यानं कागद वाचवला असेल. तुम्ही काय हेरगिरी लावलीय?” माणसं साधी असतात यावर तिचा फार विश्वास आहे. हा तिच्या आईकडून आला, माझ्याकडून नाही.

बरं. आठवा लागलाय. झालं समाधान?

ऐक मग. तिसऱ्या महिन्यापासून मी तिच्याबरोबर दवाखान्यात जातो. डॉक्टरीणबाई तरुण आहे, हात स्वच्छ, बोलणं हळू. मला हळू बोलणाऱ्या माणसांची भीती वाटते. आमच्या कारखान्याचा मॅनेजर फार हळू बोलायचा.

प्रत्येक वेळी ती टाचणीला झोपवते आणि ओटीपोटाच्या हाडापासून गर्भाशयाच्या माथ्यापर्यंत टेप लावते. जितके आठवडे तितके सेंटिमीटर, थोडं इकडेतिकडे, असा हिशेब आहे. पुस्तकातही तेच दिलंय, मी ताडून पाहिलं. सहाव्यापर्यंत सगळं बरोबर. सातव्यात म्हणाली, “थोडं मागे आहे.” पुढच्या वेळी मशीनवर पाहिलं आणि म्हणाली, “वारेतून बाळाला रक्त कमी पोचतंय. बाळ टंचाईत आहे.”

“टंचाई म्हणजे?” मी विचारलं.

“जेवढं येतं तेवढं बाळ आधी मेंदूला आणि हृदयाला देतं. पोट आणि हातपाय मागे राहतात. डोकं वाढतं, अंग वाढत नाही.”

ताई, क्षणभर मी तिच्यावर खूश झालो. टंचाईत वाटप कसं करावं हे आमच्या समितीला कधी जमलं नाही, आणि इथे डोळे न उघडलेलं पोर ते करतंय! पण मग सावध झालो. इतकं छान बोलणारा माणूस काहीतरी विकत असतो.

तुला फाटकावरचं घड्याळ आठवतं? कामाची पाळी सुरू होताना पुढे आणि सुटताना मागे असायचं. सगळे म्हणायचे, घड्याळ आहे, खोटं कसं बोलेल. मी माझं मनगटी घड्याळ घेऊन महिनाभर फाटकाशी उभा राहिलो आणि भर सभेत दाखवून दिलं. त्या दिवसापासून माझं एकच म्हणणं आहे, माप त्यांचं असेल तर मोजणी आपली हवी. हे वाक्य मी शेकडो वेळा बोललो आहे आणि एकदाही ते खोटं ठरलेलं नाही.

तेव्हा आता दर रविवारी सकाळी मी स्वतः मोजतो. टेप तिच्या आईची आहे. पितळी टोकाची, पिवळी, कापडी, हाताळून मऊ झालेली. टाचणी ती दुकानात नेत नाही, घरी खिळ्याला टांगून ठेवते. दवाखान्यातली टेप या पोटावरून त्या पोटावर फिरते, कोण धुतं तिला? मी आमची टेप आधी पातेल्यात चांगली खळखळ उकळतो, वाळवतो, मगच लावतो. टाचणी म्हणते, “बाबा, टेपचा काढा झाला असेल तर गाळून द्या.”

गेल्या रविवारी आमचं माप दवाखान्यापेक्षा जास्त आलं. जास्त! आता सांग, कोण खरं?

तू विचारशील की मी एवढा का बिथरलो आहे. विचारू नकोस, तुला माहीत आहे. तुझी भावजय दुसऱ्या बाळंतपणात गेली तेव्हा तू त्याच इमारतीत होतीस, पांढऱ्या कपड्यात. तू दाराबाहेर आलीस आणि म्हणालीस, “होतं ते सगळं केलं.” मी विचारलं, सगळं म्हणजे काय काय? तू म्हणालीस, “आत्ता नको.”

ते ‘आत्ता’ अजून संपलेलं नाही, ताई.

कळावे.

टाचणीचा बाप


२ फेब्रुवारी

ताई,

नमस्कार. तुझं दुसरं पत्र पोचलं. या वेळी कागद पूर्ण होता. मजकूर तरीही दोनच ओळींचा. ‘डॉक्टर सांगते ते कर. टेप खिळ्याला टांगून ठेव आणि बाळ दिवसातून किती हलतं ते टाचणीला विचार.’

मला हे अपेक्षितच होतं. पांढरे कपडे पांढऱ्या कपड्यांचीच बाजू घेणार. तू निवृत्त झालीस, तरी आतून ती संघटना सुटत नाही. आमची सुटते का? तुझा राग नाही.

पण आता माझं ऐक. बाळ वाढतंय! दर रविवारी वाढतंय. पुस्तकात जेवढं हवं तेवढं, बरोबर तेवढं. मी दारामागे पेन्सिलीनं रेघा मारून ठेवल्या आहेत. दवाखान्याचं माप जिथल्या तिथे बसलंय आणि आमचं पुढे चाललंय. एका पोटात दोन बाळं तर नाहीत! मी डॉक्टरीणबाईला तोंडावर विचारलं, “तुमची टेप कुणी तपासली आहे का?” ती हसली नाही, रागावली नाही. फक्त टाचणीकडे बघून बोलत राहिली, जणू मी खोलीत नव्हतोच. मॅनेजरही असंच करायचा.

तिनं त्या दिवशी आणखीही काही सांगितलं. ते तुला लिहिण्याचं कारण नाही.

बाकी घरी मजा आहे. आठव्यात मूल बाहेरचं ऐकतं, डोळे उघडतं, मिटतं, अंगठा चोखतं. अंगावरची बारीक लव झडायला लागते. फुप्फुसं मात्र सगळ्यात शेवटी तयार होतात, कामावर सर्वांत उशिरा येणारा गडी. ऐकतं म्हटल्यावर मी गप्प कसा बसेन? संध्याकाळी टाचणी पाय लांब करून बसते आणि मी समोर उभा राहून बोलतो. कामाचे तास, संपाचा हक्क, सगळं.

“बाबा, हळू. बाहेर येताच झेंडा मागेल,” ती म्हणते.

“मागू दे.”

“आणि नाही आलं तर?”

“काय नाही आलं तर?”

“काही नाही. बोला तुम्ही.”

तिच्या या बोलण्याचा काय अर्थ घ्यायचा? मी तीन दिवस विचार करतोय. तिला कुणी काही सांगितलंय का? जावयाचा फोन येतो तेव्हा ती खिडकीशी जाऊन बोलते. तू तिला परस्पर लिहितेस का? लिहीत असशील तर तसं सांग.

हालचालीचं विचारलं होतंस. पूर्वी भाषण रंगात आलं की बाळ लाथ मारायचं. मी म्हणायचो, पाठिंबा. हल्ली कमी मारतं. टाचणी म्हणते, कंटाळलं असेल. शांत स्वभावाचं आहे, म्हणजे माझ्यावर गेलेलं नाही, एवढंच. टेप वाढ दाखवतेय तोवर मला काळजी नाही. तूही करू नकोस.

दुकान तिनं बंद ठेवलंय. पण हात स्वस्थ बसत नाहीत. शाळेतल्या गणिताच्या मास्तरांच्या कोटाची मापं दुकानात घेऊन ठेवली होती, ते कापड घरी आणून तिनं इथेच कापलं. मी म्हटलं, आराम कर. म्हणाली, “कापताना मला दुसरं काही सुचत नाही, तेवढंच बरं.”

यातही काहीतरी आहे. पण काय ते कळत नाही.

कळावे.

भाऊ


११ फेब्रुवारी
दवाखान्याच्या बाकावरून

ताई,

आधी हे वाच. दोघीही आहेत. टाचणी शुद्धीवर आहे. दुसरी काचेच्या पेटीत आहे. हो, मुलगी.

आता सगळं सांगतो. मध्ये थांबलो तर पुन्हा लिहिता येणार नाही.

परवा सकाळी गणिताचे मास्तर कोट हातावर टाकून घरी आले. दारातच अंगात घालून दाखवला. बाह्या मनगटाच्या वर, पाठ कमरेच्या वर, बटण लागेना.

“ताई,” ते टाचणीला म्हणाले, “हा माझा कोट आहे की माझ्या धाकट्याचा?”

“मापं तुमचीच आहेत, मास्तर.”

“मग मी एका महिन्यात वाढलो म्हणायचं. या वयात!”

मी हसलो. टाचणी हसली नाही. तिच्या हातून कधी कापड आखूड जात नाही, तुला माहीत आहे. तिनं कोट काढून घेतला, मापाचा कागद काढला, खिळ्यावरची आईची टेप काढली आणि बाही मोजली. कागदाशी तंतोतंत जुळली.  मग पिशवीतून दुकानातली टेप काढली. दोन्हींची पितळी टोकं एका चिमटीत धरली आणि दोन्ही खाली सोडल्या.

आईची टेप अर्धी वीत वर लोंबत होती.

मास्तर म्हणाले, “अरेच्चा, ही आटली की! पाण्यात पडली होती का?”



मी दर रविवारी तिला उकळत होतो, ताई. आधी त्यांच्या हातांवर विश्वास नाही म्हणून उकळत होतो, मग माप छान येतंय म्हणून आणखी जोमानं उकळत होतो. दर रविवारी ती थोडी आखूड होत होती आणि दारामागची रेघ थोडी वर जात होती. फाटकावरचं घड्याळ मी पकडलं होतं. घरातल्या पातेल्यात मी स्वतःच तसलं घड्याळ तयार केलं, आणि त्याच्यापुढे उभा राहून टाळ्या पिटल्या.

टाचणी मला एवढंच म्हणाली, “वाढत बाळ नव्हतं, बाबा. आटत टेप होती.” आवाज चढवला नाही. मग म्हणाली, “काल दुपारपासून ते हललेलं नाही. मी तुम्हाला सांगितलं नाही, तुम्ही बोलत होतात.”

गेल्या पत्रात मी लिहिलं होतं ना की डॉक्टरीणबाईनं आणखीही काही सांगितलं? तिनं सांगितलं होतं, “आजच दाखल व्हा. वेळ बघून बाळ आधी काढावं लागेल.” मी उठून उभा राहिलो आणि बोललो. काय बोललो ते आता आठवत नाही. चांगलं बोललो असणार, कारण बाहेरच्या बायकाही दारात येऊन ऐकत होत्या. बोलून मी निघालो. माझ्या मागे माणसं उठतात हा माझा आयुष्यभराचा अभिमान आहे. मागे वळून पाहिलं तर टाचणी पोट धरून उठत होती.

तीही उठली, ताई. डॉक्टरीणबाई तिच्याकडे बघत होती आणि टाचणी माझ्या पाठीकडे बघत होती.

परवा मात्र ती पुढे चालत होती आणि मी तिच्यामागे. मास्तरांनी रिक्षा थांबवली, कोट तसाच हातावर टाकलेला. दवाखान्यात मला वाटलं, आता बाई ऐकवणार. मी वाट बघत होतो. ऐकवलं असतं तर बरं झालं असतं. तिनं टाचणीच्या पोटावर यंत्र ठेवलं आणि आम्ही सगळे ऐकत उभे राहिलो. आधी नुसती खरखर. मग ठोका आला, संथ, थकलेला. पण होता. बाईनं फुप्फुसं लवकर तयार व्हावीत म्हणून इंजेक्शन दिलं. मी कसलं आहे विचारलं. तिनं सांगितलं. मी बाटलीवरचं नावही वाचलं. ती म्हणाली, “वाचा, वाचा,” आणि बाटली माझ्या हातात दिली. त्या बाईत अजूनही काहीतरी आहे, पण मी आता ते शोधत नाही.

काल सकाळी ठोका आणखी मंदावला. मग थांबता आलं नाही, लगेच काढलं. दोन मुठींएवढी आहे. सगळी डोकंच. हातपाय काड्यांसारखे, पोट आत गेलेलं, पण डोकं शाबूत. टंचाईत तिनं वाटप नीट केलंय. रडली नाही, आधी कुरकुरली. परिचारिकेनं तिच्या डोक्याभोवती टेप लावली तेव्हा माझा हात खिशात होता. खिशात आईची टेप होती, का घेतली होती ते माहीत नाही. मी बाहेर काढली नाही. आकडाही विचारला नाही. तिनं सांगितला तो ऐकला.

पेटी काचेची नाही हे मात्र मी पाहिलं. काच म्हणतात, प्लास्टिक आहे. नखानं वाजवून बघितलं तर परिचारिका ओरडली. मी हात मागे घेतला. बाई म्हणते, हे आठ-दहा दिवस निघाले म्हणजे मिळवलं. त्याआधी काही सांगत नाही म्हणते. खोटा दिलासा देत नाही, हे मला आवडलं.

टाचणीशी आज पहिल्यांदा बोललो. म्हणजे बोलायला लागलो होतो. म्हटलं, “मी ती टेप जाळून टाकतो.”

ती म्हणाली, “टेपनं काय केलं?”

मग डोळे मिटूनच म्हणाली, “बाबा, माझ्या कपाटात मऊ पांढरं कापड आहे. दुकानात मदतीला यायची त्या पोरीला सांगा, झबली कापायला. आणि आईची टेप द्या तिला. नेहमीच्या मापाची कापायची, पण त्या टेपनं. आखूड होतील. तेवढीच हवीत.”

टेप मी स्वतः नेऊन दिली.

आता तुझं. तू तिला परस्पर लिहीत होतीस, हे तिनं मला सांगितलं. हालचाल थांबली तर बापाला विचारू नकोस, सरळ दवाखाना गाठ, असं तू लिहिलं होतंस म्हणे. माझा संशय खरा निघाला. आयुष्यात पहिल्यांदा संशय खरा निघाल्याचं मला बरं वाटलं.

ये. गुडघे सांभाळून ये, पण ये. टाचणीनं बोलावलंय आणि मीही बोलावतोय. आलीस की मला त्या दिवसाचं सांग. दाराच्या आत काय काय केलं, पहिल्यापासून शेवटपर्यंत. विश्वास ठेवीन असं वचन देत नाही, ते माझ्या हाडात नाही. पण ऐकून घेईन. मध्ये बोलणार नाही.

लहानपणी मी रडायला लागलो की तू कानावर हात ठेवून मला एका नावानं हाक मारायचीस. मोठेपणी व्यासपीठावर लोक मला नाही नाही ती विशेषणं लावायचे, पण त्या नावाची सर कशाला आली नाही. पेटीपाशी मोठ्यानं बोलायला मनाई आहे, तेव्हा नाव फक्त कागदावर घालतो.

तुझा,
भोंगा
(सध्या बंद)